दाराला वाचता येत नाही

एका राज्यात दारे कायदा पाळत असत. माणसेही पाळत, पण माणूस कधी चुकतो, कधी विसरतो. दार विसरत नसे. त्यापायी त्या राज्यात बरीच माणसे उघड्यावर राहत होती.

कायदा असा, की जो कोणी तीन दिवसांहून अधिक नगराबाहेर राहील, त्याला नगरातले एकही दार उघडणार नाही. हे ताम्रपटावर कोरलेले होते आणि कालकेतू मांत्रिकाने ते लाकडात भिनवले होते. वेशीला नुसती कमान होती, म्हणून नगरात येता येई. घरात येता येत नसे. असा माणूस समोर उभा राहिला की फळ्या घट्ट होत. आतून ओढा, बाहेरून ढकला, हलत नसत. लेक लग्न होऊन परगावी गेली की तिचे माहेर मिटले. खुद्द राजा अकरा वर्षांपूर्वी शिकारीला गेला, पाचव्या दिवशी परतला, आणि तेव्हापासून राजवाड्यासमोर तंबूत राहत होता.

याच नगरात भिवरा नावाची एक तांबटाची बायको होती. तिचा नवरा सोमाजी दरवर्षी न्यायसभेची भांडीकुंडी घासूनपुसून लख्ख करी. त्या पौषात न्यायसभेनेच त्याला नवे तांबे आणायला दूरच्या खाणीवर पाठवले आणि वर, परतल्यावर याला दार उघडावे, असे शिक्क्याचे पत्र दिले. सोमाजी आठव्या दिवशी परतला तो अंगात ताप घेऊन. दार उघडले नाही. तो चार पावले मागे सरला, तेव्हा कुठे भिवरेला बाहेर येता आले.

तिने ओट्यावर शेगडी पेटवली. शेजारच्या लुमाजी सुताराने खिडकीच्या गजांतून घोंगडी दिली. वैद्य बाहेर आला, नाडी पाहिली, म्हणाला, "याला ऊब हवी. आत न्या." आणि स्वतः आत गेला. न्यायाधीशांनी पत्र दोनदा वाचले.

"पत्र बिनचूक आहे," ते म्हणाले. "पण दाराला वाचता येत नाही."

चौथ्या दिवशी सोमाजी आपल्याच ओट्यावर वारला. सगळी माणसे चांगली होती. कोणीही कायदा मोडला नव्हता.

माघात लेकीचा निरोप आला. राही पहिलटकरीण होती आणि तिच्या सासरी बाईमाणूस कोणी नव्हते. निरोप्याने तिचे शब्द जसेच्या तसे सांगितले: "चैत्रात येते. दार उघडलं नाही तर ओट्यावर बाळंत होईन, पण माहेरी येईन."

भिवरेने त्या ओट्याकडे पाहिले. मग पदर खोचून ती राजाच्या तंबूकडे चालू लागली.

"महाराज, हा कायदा काढून टाका."

"मला काढता आला असता तर मी तंबूत राहिलो असतो का?" राजा म्हणाला. "कायदा आमच्या आजोबांचा. तेव्हा प्रत्येक कायद्याला एक पक्षी नेमलेला असे. पटावर हुकूम, पटाच्या पाठीवर पक्षी, पक्ष्यापाशी कारण. कारण संपलं की पक्ष्याने न्यायसभेत येऊन तसं म्हणायचं. मग कायदा गळून पडे."

"मग पक्षी कुठे आहेत?"

"हाकलले. फार बोलायचे. न्यायाधीशांना कंटाळा आला."

"आणि कायदे?"

"ते बोलत नाहीत. ते ठेवले."

 भिवरेच्या ओठांवर आलेले शब्द राजासमोर बोलण्याजोगे नव्हते.

ती ताम्रपटांच्या कोठीत गेली. तिथे एक नाग राखणीला होता. त्याने फणा काढला.

"वाचायचं असेल तर वाच. उलटा करून पाहायचा असेल तर आधी सगळे तीनशे पट घासावे लागतील. तेहतीस वर्षांत त्यांना कोणी हात लावलेला नाही. हिरव्या थरावर झोपून माझं अंग खाजतं."

"माझा नवरा दरवर्षी यायचा इथे."

"त्याला बाहेरच्या घंगाळांपुढे येऊ देत नसत."

भिवरेने चिंच भिजवली, मीठ घेतले, आणि सकाळपासून दिवेलागणीपर्यंत तीनशे पट घासले. दारांच्या कायद्याच्या पाठीवर एक नीलपंख पक्षी कोरलेला निघाला. पक्ष्याखाली एक बेट होते. नाग लख्ख तांब्यावर वेटोळे घालून तत्काळ झोपी गेला.

दुसऱ्या दिवशी तिने भाकऱ्या बांधून घेतल्या. सासूबाई उंबऱ्यात बसून होत्या.

"चौथ्या दिवसापासून तू या घराला परकी."

"ठाऊक आहे. तूप वरच्या फळीवर आहे."

"बेट कुठे आहे ते तरी माहीत आहे का?"

"ज्याने दारं बांधली त्याला माहीत असेल."

नऊ दिवस चालून ती कालकेतूच्या गुहेशी पोचली. मांत्रिक फार म्हातारा झाला होता. समोर तळे होते आणि तळ्यात धुके.

"दाराचंच ना?" तो म्हणाला. "बस. शिव्या द्यायच्या असतील तर आधी पाणी पी. सगळे दमून येतात आणि शिव्या अर्धवट राहतात."

"शिव्या नकोत. नाव हवी."

"मग काय झालं ते तीनदा सांग. एकदा मला, एकदा डोंगराला, एकदा स्वतःला. त्याशिवाय इथली नाव वर येत नाही."

मांत्रिकाला सांगताना तिला दुपार झाली. त्यात खाण होती, पत्र होते, वैद्य, न्यायाधीश, घोंगडी, शेगडीतले कोळसे ओले होते तेही होते. डोंगराला सांगताना पत्र गळाले, न्यायाधीश गळाले. तिसऱ्यांदा ती पाण्याकडे तोंड करून बसली. मग म्हणाली, "तो दाराशी होता. दार उघडलं नाही."

तळ्यातून नाव वर आली.

बेटावर एकच बोर होती आणि तिच्यावर नीलपंख पक्षी बसला होता. एक पाय त्याने पोटाशी धरला होता.

"तुला न्यायसभेत यावं लागेल," भिवरा म्हणाली.

"मागे येतच होतो. वाटेत दगड पडले. त्या दिवसाचा तुम्ही सण केला होता, पोरांना गूळ वाटला होता. माझ्या पायावर बसला तो दगड कोणाचा, हे मी विचारत नाही. तू काय केलंस तेवढं सांग."

भिवरा तेव्हा आठ वर्षांची होती. खोटे बोलली असती तर त्या बेटावर तिला खोटे पाडायला कोणी नव्हते.

"मीही एक मारला. झाडाला लागला. गूळही खाल्ला."

"झाडाला एकच लागला होता," पक्षी म्हणाला. "तुझा नेम फार वाईट. चल." आणि तो तिच्या खांद्यावर येऊन बसला.

चोविसाव्या दिवशी सकाळी ती न्यायसभेसमोर उभी राहिली. दार तिला पाहून घट्ट झाले. न्यायाधीश खिडकीशी आले.

"साक्षीला पक्षी आणलाय. आत कसं यायचं सांगा."

"तू चोवीस दिवस बाहेर होतीस. तो तेहतीस वर्षं. येता येणार नाही."

"मग तुम्ही बाहेर या."

"न्यायसभा बाहेर भरल्याचा दाखला नाही."

"पक्षी खिडकीतून येईल."

"खिडकीतून दिलेली साक्ष धरत नाहीत. तसा कायदा आहे."

"त्या कायद्याचं कारण काय?"

न्यायाधीशांनी जरा विचार केला. "त्याचाही पक्षी गेला," ते म्हणाले.

भिवरा मटकन पायरीवर बसली. नाग झाला, डोंगर झाला, तळे झाले, आणि आता चार फळ्यांपाशी येऊन सगळे थांबले होते. भोवती माणसे जमली होती. हळहळत होती. ती त्या दिवशीही हळहळत होती.

तेवढ्यात लुमाजी सुतार गर्दीतून पुढे आला. हातात पटाशी आणि हातोडा. कोणाकडे न पाहता तो बिजागऱ्यांशी बसला, एकेक खिळा ठोकून बाहेर काढला, आणि ते भले थोरले दार पाठीवर घेऊन भिंतीला टेकवून ठेवले. जिथे दार होते तिथे आता नुसती मोकळी जागा होती.

"हे काय केलंस?" न्यायाधीश म्हणाले.

"उतरवलं," लुमाजी म्हणाला. "उतरवू नये असं कुठे कोरलंय का?"

न्यायाधीशांनी मनातल्या मनात तीनशे पट चाळले. तसे कुठे कोरलेले नव्हते.

भिवरा त्या मोकळ्या जागेकडे पाहत राहिली.

"लुमाजीभाऊ, एवढंच होतं?"

"एवढंच." त्याने मान वर केली नाही. "त्या दिवशी सुचलं नाही, वहिनी. सगळे ते दार उघडायची वाट बघत होतो."

"मीही," भिवरा म्हणाली, आणि आत गेली.

पक्षी न्यायासनाच्या कठड्यावर उतरला आणि त्याने आपले कारण सांगितले.

"साथीचं वर्ष होतं. दुखणं बाहेरून येई आणि चौथ्या दिवशी अंगावर दिसे. म्हणून हुकूम झाला, की तीन दिवसांहून अधिक बाहेर राहिलेल्याला दहा दिवस घरात घेऊ नये; ते दहा दिवस पटावर कोरायचे राहून गेले. त्याच्यासाठी वेशीबाहेर धर्मशाळा बांधली. तिथे खाट, शेक, वैद्य. आतला जगावा आणि बाहेरचाही जगावा, एवढंच कारण. दुसऱ्या वर्षी साथ सरली. तेच सांगायला मी येत होतो. माझं कारण संपलं आहे."

पटावरची अक्षरे तांब्याच्या भुशासारखी खाली गळली. नगरातली सगळी दारे एकदम सैल झाली आणि वाऱ्याने हलू लागली. राजा तंबूतून उठला, अनवाणीच राजवाड्यात गेला, आणि आपल्या खोलीत काय काय होते ते त्याला आठवेना. धर्मशाळेत न्यायसभेच्या पालख्या ठेवलेल्या निघाल्या. त्या काढून तिथे पुन्हा खाटा टाकल्या. बाकीच्या पक्ष्यांना बोलावणे गेले. न्यायाधीशांना काढले नाही, कारण कायदे त्यांनाच पाठ होते. मात्र रोज सकाळी तीनशे पक्ष्यांचे बोलणे संपेपर्यंत त्यांनी जागचे उठायचे नाही, असे ठरले.

चैत्रात राही आली. अवघडलेली, दोन्ही हातांत बोचकी. ओट्यापाशी ती थांबली. वडील कुठे टेकून बसले असतील ते तिने अंदाजाने पाहिले आणि तिथे जरा बसली. भिवरेला आतून सगळे दिसत होते.  मग राही उठली आणि हात मोकळे नव्हते म्हणून तिने कोपराने दार ढकलले. ते कुरकुरत उघडले.

"तेल घालायला हवं याला," राही म्हणाली.

"राहू दे," भिवरा म्हणाली. "उघडल्याचं ऐकू येतं."

त्या राज्यात पक्षी अजून फार बोलतात. लोक वैतागतात, कानांवर हात ठेवतात, आणि हात काढून पुन्हा ऐकतात. दगड कोणी उचलत नाही.