नाव न घेतलेली शर्यत

घोरपडखिंडीच्या जुन्या घाटात अर्ध्यावर एक वळण आहे, त्याला रांजणवळण म्हणतात. कठड्याच्या कडेला गळ्यापर्यंत पुरलेला मातीचा रांजण दिसेल. त्यात हात धुऊ नका. गेल्या साली एका शहाण्याने धुतले. उन्हाळ्याच्या तोंडाला या घाटातून मोटारींची शर्यत जाते, पार परमुलखातून माणसं येतात. कागदावर तिला दरसाल निराळं नाव असतं. पण खाली करंजपाड्यात गाड्या सोडायची वेळ झाली, की कर्ण्यावर बोलणारा गडी "मंडळी, आता सुरू होतेय" इथवर येतो आणि गप्प होतो. नावाची जागा रिकामी सोडतो. मग निशाण पडतं. पाव्हणे हसतात, कर्णा बिघडला म्हणतात. कर्णा बिघडलेला नसतो.

असं सांगतात, की पूर्वीच्या मोटारी घाट चढताना उकळायच्या. त्यांना पाणी पाजायला या वळणावर एक म्हातारा खोपट घालून राही. कुठला, कुणाचा, कुणी पुसलं नाही. करंजपाडेकर त्याला वरचा समजत, वरच्या धामणमाळचे लोक खालचा. पुढे नवा रस्ता पलीकडच्या डोंगरातून गेला आणि घाट ओस पडला. शर्यतीचा दिवस तेवढा माणसांचा उरला. बाकी सालभर माकडं आणि वारा. तरी म्हातारा झऱ्यावरून घागरी वाहून रांजण भरलेला ठेवी.

एका साली हिरव्या मोटारीतला एक पारशी थांबला. म्हाताऱ्याने पाणी ओतलं. मागच्या गाड्या पुढे निघाल्या होत्या, तरी पारशाने मान बाहेर काढून विचारलं, "काय बाबा, बरा हाय ना तू?"

म्हातारा गांगरला. "पाणी आण" यापलीकडे त्याच्याशी कुणी बोललंच नव्हतं. तोंड उघडेपर्यंत गाडी वळणाआड गेली. मग सालभर तो उत्तर जुळवत राहिला, म्हणे. घागर डोक्यावर घेऊन मोठ्याने म्हणून बघायचा, "बरा हाय मालक. तुमी बरं हायसा?" कधी त्यात गुडघ्याचं दुखणं घालायचा, कधी नको म्हणून काढायचा.

पुढल्या साली शर्यतीचं नाव सरकारदरबारी कायमचं नोंदवायचं निघालं, आणि दोन्ही गावं पेटली.

करंजपाड्याचे तात्याबा शेलार म्हणाले, "गाडी सुटते आमच्या वेशीतून. वरात ज्या घरून निघते त्या घरचं नाव."

धामणमाळचे हैबतराव धुमाळ म्हणाले, "अहो तात्याबा, वरात कुत्रीबी बघत्यात. लगीन लागतं त्या मांडवाचं नाव. गाडी पोचते आमच्याकडं."

खालच्यांनी वेशीत बैलगाड्या आडव्या घातल्या. वरच्यांनी माथ्यावर धोंडे लोटले. मोटारी करंजपाड्यातच अडकून पडल्या.

वळणावर म्हातारा नवं मुंडासं बांधून बसला होता. शर्यतीचा दिवस गेला, घाटात आवाज नाही. बिरू धनगर मेंढरं घेऊन तिथून चालला होता, त्याने सगळं सांगितलं. म्हातारा म्हणाला, "हिरव्या गाडीला पाजल्याबिगर मी घोट घेनार न्हाई."

"आरं, रांजण भरलाय तुझ्यापुढं!"

"भरलेलाच ऱ्हाऊ दे."

म्हाताऱ्यासाठी वाट मोकळी करा म्हणायला बिरू खाली गेला. तात्याबा म्हणाले, "वरच्यांना सांग, अडवलंय त्यांनी." बिरू वर गेला. हैबतराव म्हणाले, "खालच्यांना सांग." दोघंही खोटं बोलत नव्हते, हीच तर खोड आहे अशा भांडणाची.

मग दोन्ही गावांनी ठरवलं, की शिवेचा दगड वळणावर रोवू आणि घाट कुणाचा ते एकदाचं ठरवू. दोन्हीकडून पहारी-काठ्या घेऊन माणसं निघाली. वळणावर बघतात तर म्हातारा रांजणापाशी कठड्याला टेकून बसलेला, हातात लोटा, डोळे खालच्या रस्त्याकडे. गेला होता. असल्या उन्हात रांजणातलं पाणी बोटभरही उतरलं नव्हतं म्हणतात. मातीचा रांजण पाझरतोच, पण सांगतात खरं.

पहारी खाली टेकल्या. हैबतरावच पहिल्यांदा बोलले, "याचंच नाव देऊ शर्यतीला. काय तात्याबा?"

"देऊ की. काय नाव त्याचं?"

"तुमच्यातला ना तो?"

"आमच्यातला? तुमच्यातला म्हणत होतो आम्ही."

बिरूला विचारलं. त्याने मान हलवली. गर्दीमागून पारशी चढून आला होता, त्याला विचारलं. त्याने डोक्यावरची टोपी काढली. "मी तर बाबाच बोलला त्याला." मग पारशीच म्हणाला, "त्याचा नाव माहीत नाय, तर आता कोणाचाच नको."

त्याच हातांनी धोंडे काढले, बैलगाड्या वळवल्या. शर्यत सुटली ती नावाशिवाय. हिरवी गाडी वळणावर थांबली, आणि पारशाने स्वतः रांजणातून पाणी घेऊन तिला पाजलं.

आजही रांजण भरलेला असतो. खालचे म्हणतात वरचे भरतात, वरचे म्हणतात खालचे. आताच्या मोटारींना पाणी लागत नाही. पण आजही वळणावर प्रत्येक गाडी हळू होते, हाकणारा काच खाली करतो आणि रांजणाकडे बघून म्हणतो, "बरा हाय ना, बाबा?"

आणि जातो निघून. उत्तर ऐकायला कुणी थांबत नाही.