धामण आणि दुधाची वाटी

फार जुनी गोष्ट. बांधावरच्या दगडांत एक धामण राहायची. नागपंचमीला भिवसन शेतकऱ्याने तिला मोठ्या भक्तीने घरी आणलं, गोधडी घातलेल्या टोपलीत ठेवलं आणि पुढ्यात दुधाची वाटी सरकवली. धामणीने वाटीला तोंडही लावलं नाही. ती रोज डोक्याने झाकण रेटायची. नाक सोलवटलं, तरी थांबली नाही.

“बाई, काय कमी पडलं तुला?” भिवसन कळवळला.

“बीळ, ऊन आणि उंदीर,” धामण म्हणाली. “शेतात जाऊन तर बघ.”

तो टोपली घेऊनच गेला. उंदरांनी अर्धा भुईमूग उकरून खाल्ला होता. त्याने तिथेच झाकण उघडलं.

पुढच्या पंचमीला त्याने दूध वासराला पाजलं.

“यंदा पूजा नाही?” शेजाऱ्याने विचारलं.

“केली की! वर्षभर बांधाचा एक दगड हलवला नाही.”