शिखरावर धरायचा कागद

"मग वर जाऊ की नको, म्बाह?"

म्बाह म्हणजे आजोबा. जावा बेटावरच्या त्या डोंगराची राखण करणाऱ्या म्हाताऱ्या पोनिमनला सगळे तसंच म्हणत. विचारणारा गालिह शहरातला, ऐन पंचविशीतला. हातात कागद. त्यावर ठळक अक्षरं: 'विस्नू, तुला विसरलो नाही. उंची तीन हजार मीटर.'

तिकडच्या तरण्या पोरांचं हे नवं खूळ. सुट्टी लागली की डोंगर गाठायचा, माथ्यावर कुणाच्या तरी नावाचा कागद धरून फोटो काढायचा आणि जगाला दाखवायचा. फोटो नाही? मग कशाला मेलास चढून, असा सगळा कारभार!

"विस्नू कुठे राहिला?" म्बाहनं विचारलं.

"वाटेत… गेल्या वर्षी. थंडीनं कुडकुडत होता. सूर्य उगवायला आला होता, म्बाह. मी म्हटलं, तू बस इथंच, आम्ही फोटो काढून लगेच येतो."

"आलात?"

"आलो… तोवर तो गारठून गेला होता."

रोज रात्री तो दोस्त डोळ्यांसमोर उभा राहायचा. हा कागद वर नेला की यातून सुटका होईल, एवढीच बिचाऱ्याला आशा.

म्बाहनं काठी उचलली. "चल. मीही येतो."

दुपार कलली होती. माथा आता हाकेच्या अंतरावर. तेवढ्यात म्बाह मटकन खाली बसला. अंग लटलट कापायला लागलं.

"माझ्यानं नाही होत बाबा. तू हो पुढे."

गालिहनं वर पाहिलं. आभाळ लख्ख. खालून मात्र धुकं चढत होतं. आणखी थोडा उशीर, की फोटोत काही म्हणता काही दिसलं नसतं.

"इथंच बसा हं, म्बाह. लगेच येतो."

आणि निघाला की हो!

थोडा वर गेला आणि जागीच थबकला. काय बोलून बसलो मी? तो धडपडत, ठेचकाळत मागे धावला. अंगातलं जाकीट काढून म्हाताऱ्याच्या खांद्यावर घातलं आणि त्याच्या पायांशी बसून ढसाढसा रडला.

"चुकलो, म्बाह… चला, खाली जाऊ. नको मला फोटो."

म्हाताऱ्याचं कापणं थांबलं होतं. त्यानं जाकीट उतरवून गालिहच्या हातात परत दिलं.

"मी या डोंगराचा. मला नाही थंडी वाजत, पोरा… ज्याला वाजत होती, त्याच्या कबरीवर घाल."