पोथीची सुईण

आपल्या पणजीची पणजी परकरात हुंदडत होती, तेव्हाची ही गोष्ट. कानडवाडीच्या मठात एक चित्रांची पोथी होती. पानोपानी सोन्याची शाई, हरणं, मोर, देवांच्या वराती. आता म्हणाल, मग लोक रोज बघत असतील! छे! जो पोथी सोडील त्याचे डोळे जातील, असं म्हणत. म्हणून पोथी लाल फडक्यात करकचून बांधलेली. वर रोज पाणी शिंपडायचं, ओलं गंध लावायचं, ओली फुलं वाहायची. भक्ती हो, दुसरं काय!

गावात भागूआई नावाची सुईण होती. एकदा ती पोथीपुढे वाकली, तर नाकात कुबट वास शिरला. ती मठाच्या गोसाव्याला म्हणाली, "गोसावीबाबा, हिला कसर लागलीय. सोडा हिला."

"आणि डोळे गेले म्हणजे?"

अडलेल्या बाईला सोडवायचं तर डोळे हवेत. भीती भागूआईलाही वाटली, का नाही वाटणार? पण आत जीव गुदमरतोय आणि आपण दाराशी उभं राहायचं, हे तिला जन्मात जमलं नव्हतं. "गेले तर माझे जातील," असं म्हणून तिनं गाठ सोडली.

असं म्हणतात, सोन्याचा असा लखलखाट झाला की नदीपलीकडची माणसं कपाळावर हात धरून बघायला लागली. पाच-सहा पानांचा मात्र भुगा झाला होता. भागूआई ढसाढसा रडली. मग पदर खोचून तिनं पोथीचं चक्क बाळंतपण काढलं! कोवळं ऊन दाखवलं, उशाशी वेखंडाची पुरचुंडी ठेवली, मऊ सुती फडकं सैल गुंडाळलं. चिकटलेली पानं मोराच्या पिसानं अलगद सोडवली. सव्वा महिन्यानं, असं म्हणतात, चित्रातल्या हरणानं कान हलवला.

पुढे म्हातारपणी तिची नजर गेलीच. लोक म्हणाले, "बघा, भोवलं!"

भागूआई खो खो हसली. "अरे मेल्यांनो, ऐंशीव्या वर्षी गेले डोळे. सगळी पानं बघून झाल्यावर गेले!"

मग ती उन्हात घोंगडीवर बसायची आणि पोरं तिला एकेक पान सांगायची. काही राहिलं तर म्हणायची, "हरणाच्या पायाशी नीट बघ. बेडूक आहे."

आजही माघात पोथी उन्हाला काढतात. पाणी नाही, गंध नाही. गावातली नवी बाळंतीण गाठ सोडते. शेजारी रिकामी घोंगडी अंथरतात आणि पोरं तिच्याकडे तोंड करून पानं सांगतात. हरणाचं पान आलं की सांगणारं पोर मुद्दाम थांबतं, आणि सगळं गाव एकदम ओरडतं, "बेडूक! भागूआई, बेडूक आहे!"