धवलसेन राजा आणि हवेला पडलेल्या जखमा

एका राज्यात, नाव विचारू नका, तिथले लोकच ते एकदा विसरता विसरता राहिले होते, धवलसेन नावाचा राजा होता. राजा न्यायी, हाताचा सढळ. पण एकदा डोक्यात राख घालून घेतली की ब्रह्मदेव आला तरी ऐकायचा नाही.

राणी कुमुदिनी वारली आणि राजाला गोड शब्दांचा वीट आला. त्यानं दवंडी पिटवली : "जे आहे ते म्हणा. दिवा विझला तर विझला म्हणा, त्याला निरोप दिला म्हणू नका. बांगडी फुटली तर फुटली म्हणा, वाढली म्हणू नका. आणि निघताना 'येतो' म्हणाल तर खबरदार! जाणाऱ्यानं 'जातो' म्हणावं."

घ्या! शहाणपणाचं अजीर्ण म्हणतात ते हेच. लोक बिचारे घाबरून तसं बोलू लागले, आणि जिथं असला उघडा शब्द पडला तिथं हवा चर्रकन फाटली. वीतभर लांब जखम, कडा पांढऱ्या. आत डोकावलं तर काहीच नाही. ऊन नाही, सावली नाही, मातीचा वास नाही. त्या जखमांतून गार झुळूक यायची, आणि ती ज्याला लागेल त्याला विरणी व्हायची. जुनं लुगडं विरतं ना, तसं माणूस विरायचं. आधी सावली जायची, मग अंगातून पलीकडची भिंत दिसायची, आणि शेवटी घरच्यांना त्याचं नावसुद्धा आठवायचं नाही.

राजाची एकुलती एक लेक सुरंगी, आठ वर्षांची. एके सकाळी राजा तिला उठवायला गेला, तर तिच्या गालातून उशीवरची वेलबुट्टी दिसली. वैद्य आले, लेप झाले. मांत्रिक आले, ताईत झाले. ताईत पोरीच्या दंडातून आरपार खाली पडला.

तेव्हा खिडकीत एक भारद्वाज येऊन बसला आणि म्हणाला, "राजा, लेक हवी का?"

"प्राण देतो."

"प्राण नकोत, जीभ हवी. तीन मोठ्या जखमा आहेत. एक देवळात, एक कासारआळीत, एक तुझ्या घरात. त्या तू स्वतःच्या तोंडानं सांध. बाकीच्या आपसूक मिटतील. पण उद्या सूर्य माथ्यावर येण्याआधी, नाहीतर लेकीचं नाव तूच विसरशील."

राजा तसाच अनवाणी निघाला. देवळातल्या समईपाशी हवा फाटली होती. राजानं दरबारी आवाजात सांगितलं, "दीपा, तुला निरोप देण्यात येत आहे." जखम दोन बोटं वाढली.

"दवंडी पिटतोस का रे?" भारद्वाज वरून ओरडला.

गुरवीण म्हातारी पुढं आली. "महाराज, तो आपल्यासाठी जागलाय. दमल्या माणसाशी बोलावं तसं बोला की."

राजा खाली बसला. ज्योतीमागं ओंजळ धरली. "फार दमलास," तो हळूच म्हणाला, "आता विसावा घे, बाबा." ज्योत मावळली आणि जखम मिटली.

दुसऱ्या दिवशी सकाळीच तो कासारआळीत गेला. रंभाबाई कासारणीच्या उंबऱ्यावर, हिरव्या काचांच्या तुकड्यांवर दुसरी जखम लोंबत होती. बाईचा डावा हात कोपरापर्यंत विरला होता. राजा तुकडे वेचू लागला. बोटाला काच लागली.

"वाढली म्हणा, महाराज," रंभाबाई म्हणाली.

"बाई, एकाचे चार तुकडे झाले. यात वाढलं काय? मी खोटं कसं बोलू?"

"अगोबाई, खोटं कुठलं? मागणं आहे ते! हातातलं कमी झालं, ते भरून येऊ दे, वाढू दे, असं देवाला मागायचं. फुटलंय ते आम्हाला दिसत नाही होय? आमचे डोळे का गेलेत?"

राजानं शेवटचा तुकडा वेचला. बोटातलं रक्त उंबऱ्यावर ठिबकत होतं. मग तो म्हणाला, "वाढली, बाई. वाढू दे." जखम मिटली. रंभाबाईनं डावा हात वर करून पाहिला आणि त्याच हातानं डोळे पुसले.

तिसरी जखम राणीच्या महालात होती. तीन वर्षं त्या दाराला कुलूप होतं. राजानं दार उघडलं. इथली जखम जमिनीपासून आढ्यापर्यंत होती. साऱ्या राज्यात हीच सर्वांत जुनी, दवंडीच्याही आधीची.

"ही कुणी केली?" भारद्वाजानं विचारलं.

"मी," राजा म्हणाला. "ती या पलंगावर होती. माझा हात धरून म्हणाली, 'येते हं.' मला राग आला. मी म्हटलं, 'खोटं बोलतेस. जातेस तू.' तिनं माझ्याकडं पाहिलं, आणि मग ती गेलीच."

बाहेर ऊन माथ्याकडं सरकत होतं. राजानं लेकीचं नाव मनात घोळवून पाहिलं. पहिलं अक्षर आठवलं, पुढचं आठवेना. तो ओक्साबोक्शी रडू लागला.

"तिला ठाऊक होतं," तो म्हणाला. "येणार नाही हे तिला ठाऊक होतं. ती मागत होती, आणि मी तिला तेवढंही दिलं नाही."

मग तो जखमेच्या अगदी जवळ गेला. गार झुळुकीनं त्याची छाती विरू लागली तरी हलला नाही. गावातला कुठलाही नवरा बायकोला वेशीपर्यंत पोचवताना बोलतो, तसं तो बोलला :

"बरं, ये हं. सावकाश ये. पोरीची काळजी करू नकोस, मी आहे."

आतून कुणीतरी सुस्कारा सोडला. जखम खालून वर मिटत गेली, आणि महालात पुन्हा उन्हाचा वास आला.

"बाबा!" दारात सुरंगी उभी होती. तिची काळीभोर सावली पार राजाच्या पायापर्यंत आली होती. "कुणाशी बोलत होता?"

"तुझ्या आईशी, सुरंगे."

"काय म्हणाली?"

"येते म्हणाली."

सुरंगीनं रिकाम्या पलंगाकडं पाहिलं. "पण ती येणार नाही ना, बाबा?"

"नाही, बाळ."

"मग तुम्ही काय म्हटलंत?"

"ये म्हटलं."

पोरीनं मान डोलावली आणि त्याचा हात घट्ट धरला. दवंडी त्याच दिवशी मागं घेतली गेली. लोक पुन्हा येतो-येतो म्हणत एकमेकांच्या घरून निघू लागले, उंबऱ्यावर तासतास रेंगाळू लागले. राजाला शब्द सुचला, पण तीन वर्षं उशिरा सुचला. तुम्हांआम्हांला तो वेळेवर सुचो.