पदाजीची काठी

सांडवे नावाच्या बंदरात पदाजी नावाचा एक तांडेल राहत होता. तांडेल म्हणजे गलबताचा कारभारी. शीड किती सोडायचं, सुकाणू कुठे वळवायचं, सगळं त्याच्या शब्दावर. पदाजी कामाला वाघ, पण स्वभावाने भारी उतावळा. पंगतीत बसले तरी पहिला घास यांनाच हवा, असं त्याची बायको येसा गावभर सांगे.

सांडव्यात दोन रीती होत्या. कार्तिकातल्या जत्रेच्या दिवशी जे गलबत सर्वांत आधी बंदरात शिरेल, त्याच्या तांडेलाला देवीसमोर नारळ वाढवण्याचा मान मिळे. दुसरी रीत दुःखाची. कुणाचं गलबत फुटलं, तर तांडेलाने किनाऱ्यावर यायचं, ओंजळीत खारं पाणी घ्यायचं आणि एवढंच म्हणायचं, "दर्यानं नेलं." मग त्याला कुणी काही विचारत नसे. मालक नवं गलबत देई, बायका डोळे पुसत. दर्याशी कोण भांडणार?

बंदरात शिरायची खूण ठरलेली होती. टेकडीवरच्या देवळाचा कळस आणि खालचा उंच ताड एका रेषेत आले, की मगच सुकाणू वळवायचं. त्याआधी नाही.

त्या वर्षी जत्रेच्या दिवशी पदाजी मिठाने भरलेलं गलबत घेऊन परतत होता. दुपार झाली होती. सहज मागे पाहिलं, तर दुसऱ्या गलबताचं शीड! झालं, पदाजीच्या जिवाची घालमेल सुरू झाली. कळस आणि ताड यांच्यात अजून चांगलं हातभर अंतर दिसत होतं, तरी तो ओरडला, "वळव!"

सुकाणूवरचा म्हातारा खलाशी म्हणाला, "तांडेल, रेषा जुळली नाय अजून."

"मला शिकवतोस? वळव म्हणतो ना!"

गलबत वळलं आणि तळातून करकर आवाज आला. पाण्याखालच्या खडकावर ते चढलं होतं. डोलकाठी मोडली, तळ फुटला, आणि सगळं मीठ जिथून आलं होतं तिथे परत गेलं. बारा खलाशी फळ्या धरून कसेबसे तरंगले. ज्याला मागे टाकायची एवढी घाई केली, त्याच गलबताने होडी सोडून एकेकाला वर ओढलं. माणूस एकही गेला नाही, ही देवीचीच कृपा.

पदाजी शेवटपर्यंत त्या खडकावर कमरेएवढ्या पाण्यात उभा होता. त्याच्या पायाला काहीतरी टोचलं. चाचपून पाहिलं, तर शिंपल्यांनी मढलेला एक जुना नांगर. म्हणजे इथे आधीही कुणीतरी आपटलं होतं! पदाजी चरकला. अकरा वर्षांत सांडव्याची तीन गलबतं गेली होती, तिन्ही जत्रेच्याच तोंडावर. एकाबरोबर तर चार माणसं गेली होती. तिन्ही तांडेल म्हणाले होते, दर्यानं नेलं. त्यांतल्या एकाने जरी खरं सांगितलं असतं, तर मी आज इथे आलो असतो का?

किनाऱ्यावर सारा गाव जमला होता. बंदराचा प्रमुख हरबा पुढे आला. केस पिकलेला, नावाजलेला तांडेल. त्याने स्वतः पदाजीच्या ओंजळीत पाणी ओतलं.

"म्हण पदा, आणि मोकळा हो. महिन्याभरात तुला नवं गलबत देववतो."

दोन शब्दांचं काम. पदाजीने तोंड उघडलं. समोर त्या चौघांच्या विधवा उभ्या होत्या. त्याने ओंजळ सोडली. पाणी वाळूत गेलं.

"दर्यानं नाय नेलं, हरबाकाका. मी बुडवलं. नारळाच्या मानासाठी रेषा जुळायच्या आत वळलो. तिथे पाण्याखाली खडक आहे."

नांगराबद्दल त्याने चकार शब्द काढला नाही. स्वतःपुरतं सांगितलं. पण हरबाचा चेहरा पांढराफटक पडला आणि मग कठोर झाला. "चूक तुझी, तर शिक्षाही तुझी. आजपासून सांडव्याचा एकही खलाशी तुझ्या हाताखाली जायचा नाही."

पदाजी घरी येऊन उंबऱ्यावर बसला. येसाने पाण्याचा तांब्या पुढे केला.

"गेली तांडेलकी?"

"गेली."

"आणि तो खडक? तो गेला?"

"तो कुठे जातोय! तिथेच आहे."

"मग अवो, बसलात काय?"

मोडलेली डोलकाठी लाटांनी किनाऱ्याला आणून टाकलीच होती. अमावास्येच्या मोठ्या ओहोटीला खडकाचं डोकं जरासं उघडं पडलं. दोघांनी होडीतून काठी तिथवर ओढून नेली आणि खडकाच्या भेगेत उभी केली. भरतीने ती पाडली. पुढच्या ओहोटीला पुन्हा उभी केली, ती पुन्हा पडली. पाचव्या खेपेला भोवती दगड ठोकून ठोकून ती पक्की बसली. टोकाला येसाने आपलं नवंकोरं लाल लुगडं फाडून बांधलं.

लोक हसून बेजार झाले. "आपल्याच चुकीचं निशाण लावणारा तांडेल आज पहिल्यांदा पाहिला!" पदाजी सगळं ऐकून घेई. निघणाऱ्या प्रत्येक गलबताला मात्र हात जोडून सांगे, "परतताना काठी डाव्या हाताला ठेवा रे बाबांनो. सरळ बंदरात याल."

वैशाख आला. पावसाळ्यापूर्वी घरी परतायला सांडव्याची नऊ गलबतं एकदम निघाली. बंदर हाकेवर आलं आणि भरदुपारी आभाळ फाटलं. असा पाऊस, असा वारा, की कळस दिसेना, ताड दिसेना, टेकडीसुद्धा दिसेना! सगळ्यांत पुढच्या गलबतावर खुद्द हरबा होता. वारा त्याला नेमका खडकाकडे रेटत होता. किनाऱ्यावर बायकांनी टाहो फोडला. पदाजी गळ्याएवढ्या पाण्यात शिरून नुसता बघत राहिला. काठी टिकली असेल का, एवढंच त्याच्या डोक्यात होतं.

आणि हरबाला त्या करड्या पावसात एक लाल ठिपका दिसला.

"काठी! पदाची काठी! डावीला ठेव!" तो जिवाच्या आकांताने ओरडला. गलबत तिरकं झालं, काठीला जवळजवळ घासून गेलं आणि बंदराच्या तोंडात शिरलं. त्याच्या मागे दुसरं. त्याच्या मागे तिसरं. किनारा मोठमोठ्याने मोजू लागला. सहा! सात! आठ! नववं आत आलं तेव्हा जो जल्लोष झाला, त्यापुढे वादळाचाही आवाज कुणाला ऐकू येईना. येसा तर हसत होती आणि रडतही होती.

हरबा उतरला तो थेट पदाजीसमोर आला. त्याने आपल्या ओंजळीत खारं पाणी घेतलं आणि साऱ्या गावासमोर ते वाळूत सांडलं.

"अकरा वर्षांपूर्वी मीही असाच लवकर वळलो होतो. चार माणसं मी बुडवली. नाव दर्याचं घेतलं."

हरबा खाली मान घालून त्या चौघांच्या विधवांसमोर उभा राहिला. मग त्याने स्वतःची तांडेलकी सोडली आणि आपल्या गलबताचं सुकाणू पदाजीच्या हाती दिलं. देवीचा नारळही त्याच्यापुढे धरला.

जत्रा नव्हती, कसली शर्यत नव्हती. तरी त्या दिवशी सांडव्याचा मानाचा नारळ वाढवला तो स्वतःचं गलबत बुडवलेल्या एका तांडेलाने, गुलालात आणि ढोलांच्या गजरात. 'दर्यानं नेलं' हे शब्द त्यानंतर त्या बंदरात कुणी उच्चारले नाहीत.

तात्पर्य: झाकलेली चूक पुढच्याला बुडवते; उघड सांगितलेली चूक त्याला वाट दाखवते.