रसचक्राची चव

एखाद्या दगडाची चव पुण्यवानाला लागते आणि पाप्याला लागत नाही, असे सांगून कोणी तो दगड तुमच्या तोंडापुढे धरला, तर तुम्ही काय उत्तर द्याल?

मांडवपूरच्या दरबाराने पिढ्यान्‌पिढ्या एकच उत्तर दिले होते. तेथील टेकडीवरच्या रसेश्वरी देवीच्या गाभाऱ्यात सहा पाकळ्यांचे काळे पाषाणचक्र होते. त्याला रसचक्र म्हणत, आणि त्यात सहाही रस वास करतात अशी श्रद्धा होती. मुख्य पुजारी नृसिंहभट रोज पहाटे ते जिभेला लावीत, डोळे मिटीत आणि देवीची त्या दिवसाची रुची पायरीवरून जाहीर करीत. त्या रुचीचे जिन्नस गावकरी आणीत, आणि मगच देवळातली चूल पेटे. देवी नैवेद्य दृष्टीने घेई. उरलेला भटजी घेत. नैवेद्याखेरीज अन्नाला आपण शिवत नाही, हे त्यांचे व्रत साऱ्या गावाला ठाऊक होते, कारण ते स्वतःच सांगत.

राज्याभिषेकाच्या दिवशी नवा राजा अरिंजय याने रीतीप्रमाणे रसचक्र चाटले. ‘सहाही रस लागले’ असे म्हणायचे असते, हे प्रधानांनी त्याच्या कानात सांगितले होते. पण राजा हट्टी होता.

“दगड लागला,” तो म्हणाला.

सभा गार पडली. एक तर राजा पापी, नाही तर चक्र रिकामे! भटजींनी तत्काळ तिसरी वाट काढली. चक्राची चव चोरीला गेली आहे, आणि ती देवळाच्या स्वयंपाकिणीने चोरली आहे, असे त्यांनी जाहीर केले. नैवेद्य रांधताना तो चाखायचा नसतो. तिने तो चाखून उष्टा केला, म्हणून देवी रुसली.

ही स्वयंपाकीण चिमाक्का. तिने जन्मात नैवेद्याचे मीठसुद्धा चाखले नव्हते. देवळाच्या चुलीमागची खोली हेच तिचे घर, आणि त्या खोलीत तिची आंधळी सासू. राजाने आज्ञा केली, की उद्या सूर्यास्तापर्यंत चक्राची चव परत आण. मात्र चक्राला ना तुझे बोट लागावे, ना अन्नाचा कण. न जमल्यास सासूला घेऊन राज्याबाहेर चालती हो.

चिमाक्काने एवढेच विचारले, “चव परत आली, हे ठरवणार कोण?”

“भटजी. त्यांच्यासारखी जीभ दुसऱ्या कोणाची आहे?”

तिने नमस्कार केला व ती निघून गेली.

दुसऱ्या दिवशी पहाटे गावकरी जिन्नस आणायची रिकामी ताटे घेऊन पायरीपाशी जमले. चिमाक्काने त्यांना समजावले, की चव चोरीला गेली आहे. रुची नाही म्हणून नैवेद्य नाही, आणि नैवेद्य नाही म्हणून चूलही नाही. लोक देवीला हात जोडून आपापल्या घरी न्याहारीला गेले.

दुपारी भटजी गाभाऱ्यातून बाहेर आले.

“चिमाक्का, चूल का थंड?”

“रुची सांगा भटजी, लगेच पेटवते.”

“अगं, साधा वरणभात टाक.”

“वरणभात ही कोणत्या पाकळीची रुची?”

भटजी आत गेले. थोड्या वेळाने येऊन त्यांनी केळ्याविषयी विचारले. व्रत मोडायचे असेल तर बाजारात घड टांगलेले आहेत, आपण लोकांना तसे कळवू का, असे तिने अदबीने विचारले. ते पुन्हा आत गेले. तिसऱ्या प्रहरी अभिषेकाच्या मेजवानीसाठी वाड्यावर जिलब्या तळायला घेतल्या, आणि वारा नेमका देवळाकडे वाहू लागला. भटजी धावत पायरीवर आले व सारे गाव ऐकेल अशा आवाजात ओरडले, “रुची आली! गोड! बासुंदी आणा, आणि उशीर करू नका!”

चिमाक्का उठली आणि गावकऱ्यांना साक्षीला घेऊन थेट दरबारात गेली. सूर्य अजून वर होता.

“महाराज, चव परत आली. भटजींनीच जाहीर केले.”

मागून धापा टाकीत भटजी आले. ही बाई सुटते हे त्यांना सहन झाले नाही.

“साफ खोटे, महाराज! चव कुठली यायला? ते मी भुकेपोटी बोललो.”

राजाने त्यांच्याकडे रोखून पाहिले. “आणि आजवर रोज पहाटे बोललात, ते?”



“तेही भुकेपोटीच, महाराज,” चिमाक्का म्हणाली. “देवीने चक्र नमस्कारासाठी दिले आहे. चाखायला तिने भाकरी दिली आहे.”

राजा इतका हसला की त्याचा नवा मुकुट घरंगळून प्रधानांच्या मांडीवर पडला. त्याने देवळाची चूल आणि खोली चिमाक्काला वंशपरंपरेने दिली, आणि नैवेद्य काय करायचा हेही तिनेच ठरवावे असे फर्मावले. भटजींना मात्र त्यांचे जुने काम कायम ठेवले: रोज पहाटे चक्र जिभेला लावायचे, आणि जी चव लागेल ती पायरीवरून खरी खरी सांगायची.

दुसऱ्या दिवशी भटजींनी डोळे मिटले, चक्र चाटले आणि क्षीण स्वरात जाहीर केले, “दगड.”

गावकरी रूढी मोडणारे नव्हते. ज्याने त्याने एकेक दगड आणला. ते सारे दगड भटजींना स्वतः उचलून टेकडीखाली न्यावे लागले. आणि त्याच्या पुढच्या पहाटे पायरीखाली लोक पुन्हा दगडांनी ताटे भरून उभे होते.